खेळातला आठवडी बाजार

२०१३ च्या हॅलोविननंतर व्होल्व्हो या स्वीडिश मोटार कंपनीच्या फेसबुक पानावर लोक झुंडीने येऊन एकच मागणी करू लागले: डायरटाइड परत द्या. या मंडळींना मोटारींशी काही देणंघेणं नव्हतं. ‘डोटा २’ या ऑनलाइन खेळात २०१२ च्या हॅलोविनला डायरटाइड नावाचा एक मोड थोड्या दिवसांसाठी आला होता. वर्षभर वाट पाहूनही तो पुन्हा आला नाही, आणि खेळाची मालक कंपनी व्हॉल्व्ह त्यावर अवाक्षर काढेना. खेळाडू व्हॉल्व्हला चेष्टेने ‘व्होल्व्हो’ म्हणत. तीच चेष्टा मोर्चा घेऊन खऱ्या व्होल्व्होच्या दारात गेली. शेवटी व्हॉल्व्हने आपलं चुकल्याचं कबूल केलं आणि नोव्हेंबरात डायरटाइड आणला. थोड्या दिवसांनी तो पुन्हा गेलाही, आणि त्यानंतर परतायला २०२० चा डिसेंबर उजाडला.

हा पोरासोरांचा रुसवा म्हणून सोडून देता येईल, पण त्याच्या तळाशी असलेला प्रश्न खरा आहे. जो मोड बनवून झाला आहे, लोकांना हवा आहे, ज्याचा कोड कंपनीकडे पडूनच आहे, तो काढून का घेतात? मोड म्हणजे त्याच खेळातला वेगळ्या नियमांचा डाव. ‘फोर्टनाइट’मध्ये १०० जणांतून शेवटी एकच उरतो, हा मूळ डाव, डिसेंबर २०१७ मध्ये तिथे ५० विरुद्ध ५० असा डाव काही दिवसांसाठी आला, तो मर्यादित काळाचा मोड. असे मोड कधी प्रयोग म्हणून येतात, कधी नाताळ-हॅलोविनचं निमित्त साधून, कधी एखाद्या सिनेमाच्या जाहिरातीला जोडून, तर कधी निव्वळ एप्रिल फूल म्हणून. ते जातात तेव्हा खेळाडू म्हणतात, हा कंपन्यांचा लोभ. कंपन्या म्हणतात, हे खेळाच्या प्रकृतीसाठी. दोन्ही उत्तरं अर्धी आहेत, कारण दोन्ही बाजू मोडला दुकानातल्या मालासारखं धरतात: ठेवला तर राहील, उचलला तर जाईल. मोड तसा नसतो. तो आठवडी बाजारासारखा असतो. माणसं जमली की असतो, पांगली की नसतो. हे एकदा ध्यानात घेतलं, की मोड जाण्यातला कोणता भाग अटळ आहे आणि कोणता कुणाच्या मर्जीचा, हे वेगळं काढता येतं.

आठवडी बाजार रोज का भरत नाही, याचं उत्तर कुठल्याही तालुक्याच्या गावात मिळेल. पंचक्रोशीतलं गिऱ्हाईक एका दिवसाला पुरतं, सात दिवसांना पुरत नाही. म्हणून तोच भाजीवाला, तोच बांगडीवाला सोमवारी एका गावात पाल ठोकतो, मंगळवारी दुसऱ्या. ऑनलाइन खेळातलं गिऱ्हाईक म्हणजे त्या क्षणी ‘प्ले’ दाबून रांगेत उभे असलेले खेळाडू. एक कल्पित हिशोब मांडून पाहू. पाचास पाच असा १० जणांचा खेळ आहे. एका विभागात, रात्रीच्या एका तासाला, दर मिनिटाला ६०० जण रांगेत येतात. नवख्याची गाठ मुरलेल्याशी पडू नये म्हणून कौशल्यानुसार १० गट पाडले आहेत. म्हणजे प्रत्येक गटात मिनिटाला ६० जण, आणि १० सेकंदांत एक सामना उभा. आता खेळात पाच मोड ठेवले आणि गर्दी सारखी वाटली गेली, तर तोच सामना जमायला ५० सेकंद लागतात, हेही चालेल. पण ज्या मोडला फक्त दोन टक्के खेळाडू निवडतात, तिथे मिनिटाला १२ जण येतात, एका गटाच्या वाट्याला सव्वा माणूसही येत नाही, आणि १० जण जमायला आठ मिनिटांवर वेळ जातो. तोच मोड १०० जणांचा असेल तर सव्वा तास उलटून जाईल. एवढा वेळ कुणी थांबत नाही. रांगेतले चार जण कंटाळून उठतात, त्यामुळे उरलेल्यांची वाट आणखी लांबते, म्हणून आणखी चार उठतात. मोड कुणी बंद करण्याआधीच आतून बंद पडलेला असतो.

या हिशोबाच्या खुणा खऱ्या खेळांत जागोजाग सापडतात. ‘लीग ऑफ लेजंड्स’ने डोमिनियन हा मोड फेब्रुवारी २०१६ मध्ये आणि तिघांस तिघांचा ट्विस्टेड ट्रीलाइन नोव्हेंबर २०१९ मध्ये काढला. हे दोन्ही मोड मुळात कायमचे म्हणून आले होते. खेळणारे उरले नाहीत म्हणून गेले. ‘एपेक्स लेजंड्स’ने मे २०२१ मध्ये अरीना नावाचा मोड थाटामाटात आणला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये गुंडाळला. त्याच्या जागी मिक्सटेप आलं: एकच रांग, आणि तिच्यात तीन छोटे मोड आळीपाळीने. बांगडीवाल्याचीच ही युक्ती. गिऱ्हाईक वाटण्यापेक्षा वार वाटून घ्यायचे. त्याच खेळात मे २०२४ मध्ये एकट्याने खेळायचा सोलो मोड आणला, तेव्हा दोघांच्या जोडीने खेळायचा डुओ बाजूला करावा लागला. त्यावर एवढा ओरडा झाला की डुओ परत आणावा लागला. एक पाल ठोकायचं तर दुसरं उठवावं लागतं, याचं याहून उघड उदाहरण शोधायला नको. ‘ओव्हरवॉच’मध्ये तर अडचण आणखी बारीक आहे. तिथे प्रत्येक संघाला टँक, डॅमेज आणि सपोर्ट अशा भूमिका ठरावीक संख्येत लागतात, आणि टँक व्हायला सगळ्यांत कमी लोक तयार असतात. सहास सहाच्या जुन्या खेळात संघाला दोन टँक लागत, म्हणून बाकीच्यांची रांग तुंबत असे. २०२२ मध्ये ‘ओव्हरवॉच २’ पाचास पाचचा झाला, त्यामागे हेही एक कारण होतं. जुन्या पद्धतीची मागणी थांबेना, तेव्हा डिसेंबर २०२४ पासून सहास सहाचे मुदतीचे प्रयोग सुरू झाले. मागणी असणं आणि त्या क्षणी रांगेत पुरेशी योग्य माणसं असणं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

यावर कुणालाही सुचेल असा तोडगा म्हणजे बॉट. माणसं कमी पडली तर संगणकाने चालवलेले खेळाडू भरा. हे होतंही, फोर्टनाइटने २०१९ च्या शरद ऋतूत बॉट आणले, आणि पबजी मोबाइलच्या खालच्या पायरीवरच्या डावांत निम्मेअधिक ‘माणसं’ माणसं नसतात, असं खेळणारी पोरं हसत सांगतात. पण बॉट नवख्याला सांभाळून घेतात, मुरलेल्याला नाही. ज्याला तो मोड जिवापाड आवडतो तो बहुधा मुरलेलाच असतो, आणि त्याला बॉटवरचा विजय भातुकलीसारखा वाटतो. दुसरा तोडगा म्हणजे विभाग एकत्र करणं. मुंबईच्या सर्व्हरवरच्या खेळाडूला सिंगापूरच्या रांगेत बसवता येतं, पण मग पिंग, म्हणजे सर्व्हरपर्यंत जाऊन यायला लागणारा वेळ, वाढतो, आणि गोळी आधी कुणी झाडली हे कौशल्याऐवजी अंतर ठरवू लागतं. तिसरा तोडगा कौशल्याचे गट सैल करण्याचा. त्यात सामना लवकर जमतो आणि लवकरच एकतर्फी होतो. तिन्ही तोडगे रांग आखडती करतात, पण त्याची किंमत सामन्याच्या गोडीतून वसूल होते. आणि गोडी गेलेला मोड लोक दुसऱ्यांदा निवडत नाहीत.

गर्दीचा हिशोब मात्र प्रत्येक मोडला लागू पडत नाही. काही मोड गर्दी ओसंडून वाहत असतानाच काढले जातात, आणि खेळाडूंचा खरा राग तिथे असतो. ‘लीग ऑफ लेजंड्स’चा ‘उर्फ’ नावाचा मोड हा त्यातला मुकुटमणी. १ एप्रिल २०१४ ला थट्टा म्हणून तो आला. एरवी या खेळात प्रत्येक ताकद वापरली की ती पुन्हा भरून यायला थांबावं लागतं आणि माना नावाची शिदोरी खर्च होते. उर्फमध्ये शिदोरीचा खर्च शून्य आणि थांबण्याचा वेळ ८० टक्क्यांनी कमी. एरवी मोजूनमापून बाण मारणारं पात्र इथे अखंड माराच करत सुटे. पहिले काही दिवस दिवाळी होती. मग खेळाडूंनी हिशोब केला. कुठल्या पात्रांना या नियमांत तोड नाही, हे कळल्यावर प्रत्येक सामन्यात तीच पात्रं निवडली जाऊ लागली, नाहीतर तीच बंदी घालून बाहेर ठेवली जाऊ लागली. शेकडाभराहून अधिक पात्रांचा खेळ मूठभरांवर आला. रायट या कंपनीने पुढे उपाय म्हणून निवडच काढून घेतली आणि पात्रं चिठ्ठ्या टाकल्यासारखी वाटून दिली; तो प्रकार जास्त टिकला, पण तोही मुदतीचाच. कारण उर्फची सगळी मजा त्याच्या असमतोलात आहे. तो कायम ठेवायचा तर त्यात समतोल आणावा लागेल, आणि समतोल आणला की उर्फ उरत नाही. होळीला रंग उडवतात म्हणून वर्षभर उडवत नाहीत, यात कुणाचा कंजूषपणा नसतो.

कंपन्या याला आणखी एक कारण जोडतात, आणि ते नीट तपासून पाहायला हवं. रायटच्या डिझायनरांनी वेळोवेळी सांगितलं आहे, की उर्फ आला की गर्दी उसळते, काही काळाने ओसरते, आणि ओसरताना काही खेळाडू मूळ खेळाकडे न वळता सरळ घरी जातात. एपेक्सने ऑगस्ट २०१९ मध्ये दोन आठवडे सोलो मोड चालवला आणि नंतर तो न ठेवण्याचं कारण असंच दिलं: नवे खेळाडू टिकून राहण्यावर त्याचा वाईट परिणाम झाला, शिवाय पात्रं संघासाठी घडवलेली असल्याने एकट्याच्या डावात त्यांची निम्मी ताकद वाया जाते. यावरचा आक्षेप रास्त आहे. खेळाडूला जे आवडतं ते त्याने खेळावं की कंपनीच्या तक्त्याला जे मानवतं ते? नवे लोक टिकतात की नाही, ही कंपनीची काळजी; माझ्या रविवारच्या दुपारची नाही. पण हा आक्षेप अखेर गर्दीच्या प्रश्नापाशीच येऊन थांबतो. मूळ खेळातून माणसं गळाली तर तिथली रांग लांबते, आणि ती रांग त्या खेळाडूचीही आहे. फक्त हे गृहीत धरायला नको की कंपनीने दिलेलं प्रत्येक कारण आकड्यांनी सिद्ध झालेलं असतं. आकडे त्यांच्याकडे असतात आणि आपल्याला निष्कर्ष तेवढे सांगितले जातात.

देखभालीचा मुद्दा त्यामानाने सरळ आहे. आज ‘लीग ऑफ लेजंड्स’मध्ये १६० हून अधिक पात्रं आहेत. नवं पात्र आलं, जुन्याची ताकद बदलली, की ते प्रत्येक मोडमध्ये नीट चालतं ना हे पाहावं लागतं. मोड एकाने वाढला की ही सगळी तपासणी पुन्हा एकदा. त्यात जागेचा प्रश्न. ‘डेस्टिनी २’ने नोव्हेंबर २०२० मध्ये मंगळ, बुध, आयो, टायटन असे अख्खे ग्रह-उपग्रह खेळातून उचलले, त्यानंतर खेळाचा आकार ३० ते ४० टक्क्यांनी घटला. ‘कॉल ऑफ ड्यूटी’च्या वॉरझोनमध्ये दोन मोठे नकाशे आळीपाळीने ठेवा अशी मागणी होती, त्यावर उत्तर आलं की प्रत्येक अदलाबदलीला जवळजवळ अख्खा खेळ नव्याने डाउनलोड करावा लागेल. हा नकाशा होता, मोड नव्हे, पण गणित तेच. पुण्यात किंवा नांदेडात बेताच्या फोनवर बीजीएमआय, म्हणजे पबजी मोबाइलचा भारतीय अवतार, खेळणारा मुलगा हे गणित कुणी न शिकवता जाणतो. नवा मोड उतरवायला तो आधी लग्नाचे व्हिडिओ पुसतो. तरी ‘डेस्टिनी’चं उदाहरण सगळ्यांना झाकणारं पांघरूण होऊ शकत नाही. तिथे काढलेल्या भागांत लोकांनी पैसे मोजून घेतलेल्या मोहिमा होत्या. फुकटच्या जत्रेतला पाळणा हलवणं वेगळं आणि विकलेल्या घराची खोली पाडणं वेगळं.

आता लोभाकडे वळू, कारण तो आहेच. १९७५ मध्ये वॉर्चेल आणि सहकाऱ्यांनी केलेला एक प्रयोग मानसशास्त्राच्या पुस्तकांत नेहमी सांगतात: बरणीत १० ऐवजी दोनच बिस्किटं दिसली की तीच बिस्किटं लोकांना जास्त हवीहवीशी वाटतात. खेळांचा धंदा या दोन बिस्किटांवर चांगलाच पोसला आहे. मुदतीच्या मोडसोबत मुदतीची स्किन, म्हणजे पात्राचा नवा पोशाख, येते, बॅटल पास नावाच्या बक्षीस-योजनेचे टप्पे येतात, आणि कोपऱ्यात घड्याळ उलटं धावत राहतं. निंटेन्डोचा ‘सुपर मारिओ ब्रदर्स ३५’ हा याचा निखळ नमुना. १ ऑक्टोबर २०२० ला आलेला हा ३५ जणांचा खेळ ३१ मार्च २०२१ ला बंद होणार, हे जन्मापासून ठरलेलं होतं. रांगेचं काय होणार हे कुणाला कळण्याआधीच निरोपाची तारीख छापून झाली होती, म्हणून गर्दीचा युक्तिवाद इथे लावताच येत नाही. नेदरलँड्सच्या ग्राहक आणि बाजार प्राधिकरणाने मे २०२४ मध्ये फोर्टनाइटच्या एपिक कंपनीला ११ लाख २५ हजार युरो दंड केला, त्यात मुलांवर खरेदीसाठी दबाव आणणं आणि दुकानातली दिशाभूल करणारी उलटी घड्याळं हे मुद्दे होते. एपिकला तो निर्णय मान्य नव्हता. भारतातही ३० नोव्हेंबर २०२३ ला अधिसूचित झालेल्या मार्गदर्शक तत्त्वांनी ग्राहकाला फसवणाऱ्या १३ क्लृप्त्या नोंदवल्या, आणि ‘खोटी निकड’ ही त्यांतली एक आहे. पण नीट पाहिलं तर या कारवायांचा रोख दुकानावर आहे, मोडवर नाही. मोड मुदतीचा असणं हा गुन्हा नाही. उद्या पुन्हा मिळणारी वस्तू आजच संपते आहे असं भासवणं हा आहे.

लोभ हेच एकमेव कारण असतं, तर चाललेला मोड कधीच कायम झाला नसता. प्रत्यक्षात तसं होत आलं आहे. मार्च २०२२ मध्ये फोर्टनाइटने हंगामाच्या सुरुवातीला भिंती-जिने बांधण्याची सोयच काही दिवस काढून टाकली. बांधकामाशिवाय फोर्टनाइट म्हणजे बैलाशिवाय शर्यत असं म्हणणारे पुष्कळ होते. पण ज्यांना बांधकाम कधी जमलंच नव्हतं असे लोक लोटले, आणि महिना संपण्याआधी ‘झिरो बिल्ड’ ही स्वतंत्र, कायमची रांग झाली. ‘व्हॅलोरंट’चा स्विफ्टप्ले डिसेंबर २०२२ मध्ये चाचणी म्हणून आला आणि पुढच्याच महिन्यात मुक्कामाला राहिला. फोर्टनाइटचा जुना नकाशा नोव्हेंबर २०२३ मध्ये महिनाभर परत आला, तेव्हा एका दिवसात ४ कोटी ४७ लाख लोक खेळले. डिसेंबर २०२४ पासून तो कायम आहे. एवढी गर्दी ज्याच्या पदरी, त्याला रांगा वाटणं परवडतं. पुण्याच्या पेठांना सोमवार, बुधवार, शनिवार ही नावं तिथे त्या-त्या वारी भरणाऱ्या बाजारांवरून पडली असं सांगतात. वस्ती वाढली, बाजार रोजचा झाला, नाव तेवढं वाराचं उरलं. मोडचंही तसंच आहे. मुदत ही त्याची परीक्षा असते, आणि उत्तीर्ण होणारे राहतात.

मग नापास झालेल्यांचं काय, हा प्रश्न उरतो, आणि कंपन्यांची बाजू इथे लंगडी पडते. गर्दीचा सगळा युक्तिवाद सार्वजनिक रांगेपुरता आहे. मित्रमैत्रिणींनी १० जण स्वतःच जमवले आणि खासगी लॉबी उघडली, तर ते कुणाची रांग तोडत नाहीत, कुणाला तिष्ठत ठेवत नाहीत, समतोलाची तक्रारही करत नाहीत. अशा जागांतून किती निपजतं याचे दाखले कमी नाहीत. ‘हेलो २’ या २००४ च्या खेळात झॉम्बी नावाचा मोड मुळी नव्हताच. खेळाडूंनी तो तोंडी नियमांवर चालवला: मारला गेलास की मेन्यूत जाऊन स्वतःच्या हाताने संघ बदलायचा, झॉम्बी व्हायचं, आणि लबाडी करायची नाही. २००७ च्या ‘हेलो ३’ने त्याला इन्फेक्शन या नावाने अधिकृत जागा दिली. ‘लीग ऑफ लेजंड्स’चा आज सदासर्वकाळ भरलेला अराम हा मोडसुद्धा असाच, एकाच वाटेने लढायचं असं खेळाडूंनी आपापसांत ठरवून सुरू केलेला आहे. कंपन्या म्हणतील, खासगी लॉबीतला मोडसुद्धा अपडेटनंतर मोडतो आणि दोष आमच्यावर येतो. खरं आहे. पण ‘हा मोड जसा आहे तसा, दुरुस्तीची हमी नाही’ अशी पाटी लावण्याला खर्च नाही, आणि डोटाच्या आर्केडसारख्या ठिकाणी खेळाडूंनी बनवलेले मोड याच भरवशावर वर्षानुवर्षं चालतात. दुसऱ्याच्या मालकीच्या पात्रांवर उभे असलेले मोड, उदाहरणार्थ मे २०१८ चा फोर्टनाइटमधला थॅनोस, करारांनी बांधलेले असतात हे मान्य. पण डायरटाइडला किंवा डोमिनियनला कुणाची परवानगी लागत नव्हती.

म्हणून या सगळ्या आढाव्यातून निघणारं अनुमान दुहेरी आहे. मोड रांगेतून जातो तो बहुतेक वेळा संख्येमुळे, आणि त्यावर रागावण्यात फारसा अर्थ नाही. तो खेळातूनच जातो तो मात्र कुणीतरी तसं ठरवल्यामुळे, आणि ठरवणाऱ्याला त्याचं कारण विचारता येतं. ‘द क्रू’ हा मोटारशर्यतीचा खेळ ३१ मार्च २०२४ ला बंद झाला, तेव्हा एकट्याने खेळणाऱ्यांनाही तो उघडेना. त्यातून ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी राहिली आणि युरोपात तिच्या मागे १० लाखांहून अधिक सह्या जमल्या. सह्या करणाऱ्यांना कंपनीने कायम सर्व्हर चालवत राहावं असं म्हणायचं नव्हतं. जाताना दार उघडं ठेवा, एवढंच म्हणायचं होतं. मोडबद्दलची मागणीही याहून मोठी नाही. संध्याकाळी बाजार उठतो, पालं निघतात, बांगडीवाला पुढच्या गावाला जातो. पण बाजारतळ तिथेच राहतो. दुसऱ्या दिवशी पोरं तिथे विटी-दांडू मांडतात, आणि त्यांना कुणी हाकलत नाही.